पिशवी काढली नाही, लावली

ऑपरेशन होऊन मी घरी आले, त्याच्या तिसऱ्या दिवशी पाचोडहून माझ्या थोरल्या नणंदेचा फोन आला. आम्ही सगळे त्यांना आक्का म्हणतो. आक्कांना फोनवर हळू बोलता येत नाही. पाचोड ते चिकलठाणा हे अंतर आपल्यालाच ओरडून कापायचंय, अशी त्यांची समजूत आहे.

“काय झालं गं तुला नेमकं? ह्यो तर नीट सांगंना.”

मी यांच्याकडं पाहिलं. यांनी लांबूनच स्वतःच्या पोटावर हात फिरवून दाखवला.

“पोटाचं ऑपरेशन झालं, आक्का.”

“पोटाचं म्हंजी कशाचं?”

मला खोटं जमत नाही. तोंडातनं निघून गेलं, “ते… पिशवी…”

“पिशवी काढली व्हय! मग येवढं काय चोरायचं त्यात? माझी काढली, धाकल्या जाऊबाईची काढली. जड उचलू नको, वातड खाऊ नको. येते मी सवडीनं.”

फोन बंद झाला. आमच्या भागात बाईमाणसानं पिशवी म्हटलं की ती गर्भाची, आणि ती काढायचीच असते. माझी काढली नव्हती, लावली होती. पण हे आक्कांना सांगायला पुन्हा फोन करायचा, तर पहिल्यापासून सांगावं लागलं असतं, आणि पहिल्यापासून सांगायची आमच्या घरात बंदी होती.

पहिल्यापासून म्हणजे असं. मी घरीच ब्लाऊज शिवते. वर्षभर मला रक्त जात होतं आणि मी ते मुळव्याध समजून अंगावर काढत होते. दिवसभर मशीनवर बसणाऱ्या बाईला मुळव्याध होणारच, असं सगळ्या म्हणत. कुणी ताक सांगितलं, कुणी सुरण. एकीनं कुठल्याशा वैद्याची काळी गोळी आणून दिली, ती खाऊन फक्त दात काळे झाले. मग माझे स्वतःचे ब्लाऊज मला ढिले व्हायला लागले. दोनदा मी ते बाजूनं आत घेतले. तिसऱ्यांदा उसवायला बसले तेव्हा हे म्हणाले, “आता ब्लाऊज नको, तूच चल.”

दवाखान्यात दुर्बीण घातली, तुकडा काढला, तपासायला पाठवला. कर्करोग निघाला. मोठ्या आतड्याच्या अगदी शेवटच्या टोकाला. डॉक्टर पोरसवदा होते, पण समजावून सांगायचे. कागदावर चित्र काढून म्हणाले, “आधी शेक देऊ, म्हणजे रेडिएशन, मग ऑपरेशन. खालची जागा कायमची शिवून बंद करावी लागेल. पोटावर डाव्या बाजूला नवीन वाट काढू आणि तिच्यावर पिशवी लावू.”

मला त्यातलं शिवणं तेवढं कळलं. मी विचारलं, “टाका कुठला घालता?”

डॉक्टरांनी यांच्याकडं बघून हळूच सांगितलं की बाईंना धक्का बसलाय, त्यांना थोडं पाणी द्या.

धक्का यांना बसला होता. हे चिकलठाण्याच्या एका कंपनीत पस्तीस वर्षं फिटर होते. मशीन कुठलीही असो, उघडून बघितल्याशिवाय यांना राहवत नाही. पण बाहेर येऊन रिक्षात बसल्यावर हे एवढंच म्हणाले, “लोकांना जागा सांगायची नाही. पोटाचा आजार म्हणायचं.”

“लेकीला?”

“तिला सांग. पण तिच्या सासरी पोट.”

अशी आमच्या घरात पोटाची आज्ञा लागू झाली.

ऑपरेशन पार पडलं. जाग आली तेव्हा पोटावर डाव्या बाजूला एक लाल, ओलं, बोराएवढं तोंड होतं, आणि त्याच्यावर प्लास्टिकची पारदर्शक पिशवी. पहिले चार दिवस मी तिकडं बघितलंच नाही. पाचव्या दिवशी वॉर्डातल्या सिस्टर आल्या. उंच, सावळ्या, चष्म्याच्या वरून बघणाऱ्या. त्या म्हणाल्या, “ताई, तुम्ही बघितलं नाही तरी ते तुमच्याकडं बघतंयच. चला.” आणि त्यांनी आम्हा दोघांना पिशवी बदलायला शिकवलं.

पिशवीच्या मागं एक चिकट चकती असते. तिला आपल्या मापाचं भोक कापायचं आणि ती त्या तोंडाभोवती बसवायची. भोक मोठं झालं तर कातडी सोलते, लहान झालं तर काचतं. मापासाठी सिस्टरांनी एक कार्ड दिलं, त्यात वेगवेगळ्या आकाराची भोकं होती. यांनी ते घरी नेलं आणि दुसऱ्या दिवशी परत आणलं.

“सिस्टर, तुमच्या कार्डात बत्तीसचं भोक साडेबत्तीस आहे.”

“कशावरनं?”

“व्हर्नियरनं मोजलं.”

सिस्टर चष्म्याच्या वरून यांच्याकडं बघतच राहिल्या. नंतर त्या मला म्हणाल्या, “माझ्या एवढ्या नोकरीत नवरे रडताना बघितले, पळून जाताना बघितले. कार्डाची तक्रार घेऊन आलेला हा पहिलाच.”

घरी आल्यावर पहिला महिना माझ्यात वाकायचं बळ नव्हतं. पिशवी हेच बदलायचे. मी छताकडं बघत पडायचे, हे चष्मा लावून, जीभ दातात धरून काम करायचे. झालं की सगळं कागदात गुंडाळून मोरीत जायचे आणि बराच वेळ नळ सोडून काहीतरी धूत बसायचे. मला वाटायचं, या माणसानं जन्मात कप विसळला नाही, आणि आता भांडी घासतोय. मनातल्या मनात मी त्यांना वीस मार्क जास्त दिले.

हळूहळू मी उठले. मशीनवर बसायला लागले. प्लास्टिकची ती पिशवी पोटाला घामानं चिकटायची, म्हणून उरलेल्या ब्लाऊजपीसची तिला कव्हरं शिवली. मऊ सुती कापड, मागं नाडी. मग हात आहे तर स्वस्थ बसवेना. हिरव्या साडीवर हिरवं, जांभळ्यावर जांभळं. एकाला काठ लावला. कुणाला दिसणार नव्हतं, पण मला माहीत होतं ना.

एकच गोष्ट हातात नव्हती, ती म्हणजे आवाज. नव्या वाटेला आवरायचं कसं हे ठाऊक नसतं. तिला वाटेल तेव्हा ती बोलते. कधी बारीक कुरकुर, कधी ओल्या फटाक्यासारखं फुर्र. गिऱ्हाईक बाई समोर असली की मी मशीन जोरात चालवायचे. त्या काळात मी कितीतरी ब्लाऊजना गरज नसताना दुहेरी टीप मारली आहे.

दीड वर्षानं तपासणीला गेले तेव्हा सिस्टर म्हणाल्या, “ताई, एक मुलगी फिल्म काढतीय. कॅन्सरचे पेशंट स्वतः बोलतात अशी. छातीच्या, तोंडाच्या आजाराचे लोक मिळालेत तिला. पिशवीचं कुणी तयार होईना. ऑपरेशन नको म्हणून पळून जातात हो माणसं, नुसत्या पिशवीला भिऊन. तुम्ही बोलाल का?”

मी यांच्याकडं बघितलं. हे भिंतीवरचं हात धुण्याचं पोस्टर वाचत होते. खूप वेळ वाचत होते.

“बोल,” घरी आल्यावर हे म्हणाले, “पण जागा सांगायची नाही.”

“अहो, जागाच नाही सांगितली तर पिशवी कशाला लावली म्हणून सांगू? बाजाराला जायला?”

“पोट म्हणायचं. पोटात काय कमी जागा आहे?”

फिल्मवाले एका सोमवारी सकाळी आले. दिग्दर्शक म्हणजे ती मुलगी, तिशीची असेल. शिकायला पुण्यात, पण मूळची जालन्याची, त्यामुळं चप्पल दाराबाहेर काढून थेट स्वयंपाकघरात पाणी प्यायला गेली. एक कॅमेरेवाला, तो दिवसभरात चारच शब्द बोलला. आणि आवाजाचं काम करणारे एक भाई, पन्नाशीचे, मेंदी लावलेल्या दाढीचे, इथल्याच शहरातले. एरवी ते लग्नांचं आणि कव्वालीच्या कार्यक्रमांचं साऊंड करतात. कानांवर मोठे हेडफोन. मला आपा म्हणायचे.

मी आदल्या संध्याकाळपासून काही खाल्लं नव्हतं. कॅमेऱ्यासमोर आवाज नको, म्हणून पोट रिकामं ठेवलं. साडी मोरपंखी, कव्हर मोरपंखी. हे इस्त्रीचा शर्ट घालून दारात उभे, जणू कंपनीत ऑडिट आहे.

तेवढ्यात आक्का आल्या. न सांगता. सोबत मोसंबीचं अर्धं पोतं. दीड वर्षानं का होईना, त्यांना सवड मिळाली होती. दारात वायरी बघून त्या दचकल्या.

“कसली शूटिंग? शिरेल हाय का?”

“आजारपणाची फिल्म आहे, आक्का.”

“पिशवी काढल्याची बी फिल्म काढत्यात? मग माझी का नाय काढली?” असं म्हणून त्यांनी पदर सारखा केला आणि पलंगावर मांडी घालून बसल्या. यांनी माझ्याकडं बघितलं. त्या नजरेत पोटाची आज्ञा होती.

भाईंनी माझ्या पदराच्या आत एक बारीक माईक लावायला दिला. तो मी स्वतःच लावला. मुलीनं मला खिडकीशी बसवलं.

“काकू, बोलायचं नाही. फक्त बाहेर बघा. तुम्हाला पहिल्यांदा कळलं तो दिवस आठवा.”

बाहेर पाण्याचा टँकर उभा होता आणि दोन बाया आधी कोण यावरनं भांडत होत्या. त्या दिवसाचं मला आठवलं ते हे, की घाईत एका बाईची पिको करायची साडी मी मशीनवरच विसरले होते. मला हसू यायला लागलं.

“काकू, जरा गंभीर.”

मी गंभीर झाले. खोलीत एकदम शांतता पसरली. कॅमेऱ्याचा लाल दिवा लागला. आणि भाईंनी हात वर केला.

“एक मिनट. कुछ तो बी आवाज आ रा.”

“फॅन?” मुलीनं विचारलं.

“फॅन तो बंद है. फ्रिज होंगा.”

यांनी जाऊन फ्रिज बंद केला. मी पुन्हा खिडकीबाहेर बघितलं. शांतता. आणि भाईंचा हात वर.

“अब्बी बी आ रा. गुड-गुड. पानी का पाइप है क्या?”

हे आमचे आवाजाचे जुने जाणकार. कंपनीत नुसत्या आवाजावरून बेअरिंग गेलं की नाही सांगायचे. ते लगबगीनं गच्चीवर गेले, टाकीचा कॉक बंद करून आले. आक्का म्हणाल्या, “शेजारीण कुकर लावून बसलीय, त्योच असंल,” आणि खिडकीतून ओरडल्या, “ओ बाई! गॅस बंद करा! हितं शूटिंग चाललंय!” बिचारीनं डाळ अर्धी कच्ची ठेवून गॅस बंद केला. टँकरवरच्या बाया भांडण थांबवून आमच्या खिडकीकडं बघायला लागल्या. वरून विमान गेलं, ते जाईपर्यंत सगळे थांबले.

मला घाम फुटला होता. उपाशीपोटी आवाज जास्त होतो हे सिस्टरांनी मला नंतर सांगितलं. तेव्हा मला वाटत होतं, आता थांबेल, मग थांबेल. पदराखालनं मी पोटावर हात दाबला. त्यावर फुर्र असा एक दणदणीत आला.

भाईंनी दोन्ही हातांनी हेडफोन दाबून धरला. चेहऱ्यावर कव्वालीत चुकीची तान ऐकल्यासारखा भाव. “पच्चीस साल से आवाज पकड रा हूं,” ते मुलीला म्हणाले, “ऐसा आवाज नई पकडा. घर में कोई मोटर है?”

“मोटर कुठं?” हे चक्रावले. हे स्वतःच्या घरात मोटर शोधायला लागले होते. पलंगाखाली वाकून बघत होते. आक्का पाय वर घेऊन म्हणाल्या, “घूस तर नाय ना?”

एवढी सगळी माणसं माझं पोट घरभर शोधताना बघून मला राहवेना. मी म्हणाले, “भाई, शोधू नका. तो आवाज माझा आहे.”

कुणाला काही कळलं नाही. हे मात्र पलंगाखाली होते ते तिथंच थांबले.

“माझ्या पोटाला पिशवी लावलीय,” मी म्हणाले. “मला संडासच्या जागेला कॅन्सर झाला होता. ती जागा काढून शिवून टाकली. आता सगळं पोटावरनं पिशवीत येतं, आणि ते येताना विचारून येत नाही. हा त्याचा आवाज आहे. फ्रिज लावा, दूध नासेल. आणि त्या बाईला म्हणावं डाळ शिजू दे.”

लाल दिवा चालूच होता, हे मला नंतर कळलं.

भाईंनी हेडफोन काढून गळ्यात घातले. मान खाली घालून म्हणाले, “माफ करना आपा. मैं मोटर बोला.”

“मोटरच आहे,” मी म्हणाले. “स्विच नाही एवढंच.”

त्यावर ते दाढी हलेपर्यंत हसले, मग मुलगी हसली, मग मी. चार शब्द बोलणारा कॅमेरेवालाही हसला, म्हणून फिल्ममध्ये तिथलं चित्र थोडं हलतं. फक्त आक्का हसल्या नाहीत. त्या बोटं मोजत हिशोब जुळवत होत्या.

“म्हंजी तुझी पिशवी काढली नाय?”

“नाही, आक्का.”

“लावली?”

“हो.”

“अन् मी साऱ्या पाचोडात सांगितलं काढली म्हणून! बाजारात सांगितलं, देवळात सांगितलं. आता घरोघर जाऊन उलटं सांगू का?” मग पलंगाखाली वाकून त्यांनी आपल्या भावाला हाक मारली, “अन् तू रं? बाहीर ये. बहिणीशी खोटं बोलला?”

हे बाहेर आले. कपाळाला धूळ. कुणाकडं न बघता म्हणाले, “मी टाकीचा कॉक चालू करून येतो,” आणि गच्चीवर गेले ते तासभर आलेच नाहीत.

मग मात्र आमची फिल्म सुरळीत झाली. खिडकीबिडकी राहिली बाजूला. मी मशीनवर बसले आणि सगळं सांगितलं. रक्त, काळी गोळी, शेकाच्या दिवसांत बसताही यायचं नाही ते, आणि टाका कुठला घालता ते. पिशवी कशी बदलतात तेही पोटापुरता पदर सारून दाखवलं. कव्हरं एकेक काढून मांडली. मुलगी बघतच राहिली. आक्कांनी एक काठाचं उचललं, उलटसुलट करून शिवण तपासली आणि म्हणाल्या, “काठ जरा वाकडा आलाय.” मग ते हातातच धरून बसल्या. जाताना माझ्या डोक्यावरनं हात फिरवून म्हणाल्या, “लई सोसलंस गं. अन् मी तुला तूप खा म्हणले.”

“तुम्ही वातड खाऊ नको म्हणाला होता.”

“ते बी चूकच.”

यांचा राग दोन दिवस टिकला. रागात हे बोलत नाहीत, घरातल्या खुर्च्यांचे स्क्रू आवळतात. तिसऱ्या दिवशी सकाळी इस्त्रीचा शर्ट घालून म्हणाले, “हर्सूलला जाऊन येतो. कंपनीतल्या एका जुन्या माणसाचा पंप बिघडलाय.” परत आले तेव्हा हात स्वच्छ होते. पंप दुरुस्त करून या माणसाचे हात स्वच्छ राहिलेले मी कधी पाहिले नव्हते, पण रागावलेल्या माणसाला जास्त विचारू नये, म्हणून गप्प बसले.

चार-पाच महिन्यांनी फिल्म तयार झाली. दवाखान्याच्याच सभागृहात दाखवणार होते. आम्ही गेलो तर पहिल्या तीन रांगा भरलेल्या. आक्का पाचोडहून जीप भरून बाया घेऊन आल्या होत्या. ज्या ज्या घरी पिशवी काढली म्हणून सांगितलं, त्यातल्या जेवढ्या जीपमध्ये मावल्या तेवढ्यांना घेऊन आल्या. घरोघर फिरण्यापेक्षा हे सोपं, असा त्यांचा विचार.

दिवे गेले. आधी इतर पेशंट बोलले. एक गृहस्थ तोंडाच्या आजाराबद्दल बोलले, त्यांचे शब्द नीट उमटत नव्हते, पण हॉलमध्ये टाचणी पडली तरी ऐकू आली असती. मग माझं मशीन दिसलं, आणि फुर्र. हॉल आधी घाबरला, मग हसला. पाचोडच्या बाया सर्वांत जास्त हसल्या. मला वाटलं, झालं, आता माझा भाग संपला.

तर पडद्यावर हर्सूलचा तलाव आला. तलावाच्या काठावर, इस्त्रीच्या शर्टात, हे.

मी शेजारी बघितलं. शेजारचे हे समोरच्या खुर्चीच्या पाठीकडं बघत होते.

पडद्यावरचे हे आधी चकतीबद्दल बोलले. कंपनीत नव्या माणसाला शिकवावं तसं. “भोक कापताना एक-दोन एमएमची सूट ठेवायची. कात्री वाकड्या टोकाची घ्यायची. घाई करायची नाही.” मग मुलीचा आवाज आला, “काका, तुम्ही काकूंना जागा सांगू नका म्हणाला होता. का?”

हे तलावाकडं वळले. मग म्हणाले, “तिच्याकडं बाया ब्लाऊज शिवायला येतात. मला वाटलं, कळलं तर येणार नाहीत. तिला घाण समजतील. तिला कुणी घाण समजलेलं मला बघवलं नसतं.” मग आवाज खाली आणून म्हणाले, “पण पहिल्या दिवशी पिशवी बदलली तेव्हा मलाच उलटी झाली. मोरीत जाऊन नळ सोडला आणि ओकलो. तिला ऐकू जाऊ नये म्हणून. पंधरा-वीस दिवस रोज. नंतर सवय झाली. तिला अजून माहीत नाही. लोकांना मी काय नावं ठेवू?”

हॉलमध्ये कुणीतरी नाक ओढलं. मला रडू आलं असतं, पण आधी राग आला. मी त्या माणसाला भांडी घासल्याचे वीस मार्क दिले होते.

“पंधरा-वीस दिवस रोज नळ सोडला?” मी त्यांच्या कानात म्हणाले. “आठवड्यातनं एकदा पाणी येतं आपल्याकडं, आणि तुम्ही टाकी रिकामी करत होता?”

“मग काय तुझ्यासमोर ओकू?” हे कुजबुजले.

“ओकायचं होतं. मी पाठीवर हात फिरवला असता.”

हे चष्मा काढून शर्टाच्या टोकानं पुसत राहिले. मागून आक्कांचा आवाज आला, त्यांच्या मते हळू, “ए, फिलम बघू द्या की दुसऱ्यांना.”

गिऱ्हाईक तुटलं नाही. दोघी यायच्या थांबल्या, हे खरं. त्यातली एक नंतर परत आली, कारण दुसऱ्या टेलरनं तिचा गळा बिघडवला. सिस्टर आता ऑपरेशनआधी पेशंटला फोनवर आमची फिल्म दाखवतात. कधी कुणाला माझ्याशी बोलायचं असतं, मग मी गुरुवारी वॉर्डात जाते.

पण खरा बदल यांच्यात झाला. ज्या माणसानं पोटाची आज्ञा काढली, त्याला आता पोटावर थांबताच येईना. रिक्षावाल्याला सांगतात, गॅस सिलेंडरवाल्याला सांगतात. रक्त गेलं तर मुळव्याध समजून बसू नका, दुर्बीण करा. मागच्या उन्हाळ्यात पाचोडला आक्कांच्या नातीचं लग्न होतं. पंगतीत यांच्या शेजारी नवऱ्या मुलाचे मामा. चांगले धिप्पाड, फेटा बांधलेले. हे मठ्ठा वाढायच्या आत सुरू झाले. मी समोरच्या पंगतीतून डोळे वटारत होते. मामांनी हातातली जिलबी खाली ठेवली. मला वाटलं, आता हा माणूस ताटावरून उठणार आणि सोयरीक नासणार.

मामा यांच्या कानाशी वाकले. “पाव्हणं, रक्त किती दिवस गेलं म्हंता?”

“वर्षभर.”

“मला सहा महिने झाले. घरी कुणाला सांगितलं नाय.”

यांनी तिथल्या तिथं हात धुतले. मामांना जिलबी संपवू दिली नाही. अक्षता आधीच पडल्या होत्या म्हणून बरं, नाहीतर यांनी मुहूर्तही थांबवला असता. दुसऱ्या दिवशी सकाळी हे मामांना घेऊन दवाखान्यात रांगेत उभे. सिस्टरांना म्हणाले, “माझा पेशंट आहे.” मामांनी आदल्या दिवशीचाच फेटा बांधला होता. तो काढायला सांगितलं तर म्हणाले, “दुर्बीण डोक्याकडनं घालणार हायत का?”

दुर्बीण झाली. मुळव्याधच निघाली. साधी. मामांनी आनंदानं यांना मिठी मारली, फेटा तिरपा झाला. संध्याकाळी घरी आल्यावर हे गप्प गप्प होते.

“अहो, चांगलं झालं ना?” मी म्हणाले.

“चांगलंच झालं,” हे म्हणाले. “पण मी त्याला सगळं समजावून सांगितलं होतं. कात्री कुठली घ्यायची तेसुद्धा.”